हातावरचं वजन

आईबरोबर भाजी आणायला जाणं म्हणजे माझ्या सहनशक्तीची परीक्षा असते. ती नागपूरहून आमच्याकडे अमेरिकेत नोव्हायला आली, की दर शनिवारी देशी दुकानात जायचा हट्ट धरते. तिथे कांदा असो, लिंबू असो, नारळ असो, प्रत्येक वस्तू आधी तळहातावर घेते, जरा वर उडवून झेलते आणि मग एक तर पिशवीत टाकते नाही तर परत ठेवते. मागे ट्रॉल्या घेऊन लोक ताटकळत उभे असतात. ‘‘आई, सगळे सारखेच असतात गं, घे आणि चल,’’ मी म्हणते. ‘‘सारखे कसे असतील वं? हा भरला आहे, हा पोकळ,’’ ती म्हणते. घरी येऊन कांदा चिरला की तिचंच खरं निघतं, आणि मग मी जास्तच चिडते.

ही सवय तिला तिच्या आईकडून लागली. माझी ही आजी भंडारा जिल्ह्यातल्या एका मँगनीजच्या खाणीवर कामाला होती. खाण इंग्रजांच्या काळातली, विलायती कंपनीची. पुरुष खालून दगड काढायचे आणि वर बायका ओळीनं उकिडव्या बसून तो हातोडीनं फोडायच्या, निवडायच्या. मँगनीज जड असतं, साधा दगड हलका. हातात घेतल्याबरोबर ते कळायला हवं, कारण टोपलीत हलका माल सापडला तर मुकादम अख्खी टोपली उलटी करायचा. आजीचे तळवे कायम काळे असायचे. लग्नाकार्यात ती हात पदराखाली धरून बसायची, हे मला स्वतःला आठवतं.

हे सगळं मला ठाऊक होतं. पण माझं लग्न ठरवताना बाबांनी माझा बायोडेटा टाइप करून घेतला, त्यात आजोळच्या रकान्यात लिहिलं होतं: ‘आजोबा मायनिंग ऑफिसर’. खरं तर आजोबाही त्याच खाणीत दगड काढायचे. त्यांची बढती झाली ती फक्त त्या कागदावर. पुण्याच्या सासरी हे इतकं पक्कं बसलं, की पुढे मीही तेच सांगत राहिले. नोव्हायच्या मराठी मंडळात तर कुणी विचारलं नसतानाही सांगितलं. मी गाड्यांच्या पोलादावर काम करणारी इंजिनियर, त्यामुळे ‘आमच्या रक्तातच आहे’ असंही वर जोडायची.

गेल्या वसंतात मुलीच्या शाळेत एक प्रोजेक्ट आला. ती सहावीत आहे. वसाहतींच्या काळात उष्ण प्रदेशांतली संपत्ती कशी काढली, कुठे नेली, यातला एक माल निवडायचा, पोस्टर करायचं आणि घरातल्या मोठ्या माणसाची मुलाखत घ्यायची. सोबत एक कागद होता, त्यावर दोन रकाने: फायदे आणि तोटे. दोन्हीकडे चार-चार रेघा, अगदी मोजूनमापून. फायद्यांत उदाहरणादाखल आधीच छापलेलं होतं: रेल्वे, बंदरं, रोजगार.

माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. स्वयंपाकघरातच मी व्याख्यान सुरू केलं. रेल्वे आपल्या लोकांना फिरायला नाही घातली, दगड बंदरावर न्यायला घातली! दगड बोटीत बसून विलायतेला जायचा, तिथे पोलादात पडायचा आणि त्याचेच रूळ होऊन परत यायचे, पुढचा दगड न्यायला. आणि ज्या बायकांनी तो हातानं निवडला, त्यांचं नावही कुठल्या पुस्तकात नाही. त्या कुठल्या रकान्यात बसणार?

मुलगी म्हणाली, ‘‘ओके मॉम, बट आय ओन्ली हॅव फोर लाइन्स.’’

मुलाखतीला आई बसली. दोघी दुपारभर सोफ्यावर होत्या, मध्ये फोन रेकॉर्डिंगला लावलेला. आई तिच्या बोलीत सांगत होती, मुलगी इंग्रजीत विचारत होती, आणि दोघींचं छान चाललं होतं. मी वर मीटिंगमध्ये होते. खाली आले तर आईनं मुलीच्या एका हातात बटाटा आणि दुसऱ्या हातात तेवढाच रताळ्याचा तुकडा दिला होता आणि डोळे मिटून जड कुठलं ते सांगायला लावत होती.

‘‘शाळेत सांगणार वं ही, माझ्या मायचं,’’ आई मला म्हणाली. ‘‘माय अंगठा लावायची. आता तिचं इंग्रजीत लिहून येणार.’’ शाळेत पोस्टर मांडायच्या दिवसासाठी तिनं बॅगेतली मोरपंखी साडी काढून इस्त्रीही केली. कुठल्याही गोष्टीचं तिला इतकं अप्रूप वाटलेलं मी कितीतरी वर्षांत पाहिलं नव्हतं.

मुलीनं कार्ड लिहिलं: माझी पणजी खाणीवर दगड निवडायची, ती हातानं वजन ओळखायची. सुंदर अक्षरात लिहिलं होतं. मी ते वाचलं आणि लगेच दुसरं कोरं कार्ड शोधायला लागले. कारण त्याच वर्गात मंडळातल्या एका काकूंचा नातू होता. या काकू चाळीसेक वर्षं इथे असलेल्या डॉक्टरांच्या पत्नी, माझ्या सासूबाईंच्या जुन्या मैत्रीण. शाळेच्या कार्यक्रमाला त्या येणार, कार्ड वाचणार आणि रविवारच्या आत ही बातमी पुण्याला पोचणार.

‘‘हे जरा बदलू या,’’ मी मुलीला म्हणाले. ‘‘लिही, पणजोबा ऑफिसर होते.’’

‘‘बट दॅट्स नॉट ट्रू.’’

‘‘समजवायला सोपं पडतं, बेटा. मोठी झालीस की कळेल.’’

तिनं नवं कार्ड लिहिलं. आईला इंग्रजी वाचता येत नाही, हे मला माहीत होतं. माहीत होतं म्हणूनच मी हे केलं, हे आज लिहिताना मान्य करावंच लागेल. व्याख्यान देणारी मीच, आणि आजीचं नाव खोडणारीही मीच. मुकादमानं निदान टोपली उघड्यावर उलटी केली असती.

पोस्टरसमोर ठेवायला खरा दगड हवा म्हणून मी ऑनलाइन एक मागवला. छान काळा, चकचकीत, डबीत बसवलेला, वर ‘मँगनीज’ अशी चिठ्ठी. पोलादात इतकी वर्षं काढलेल्या मला तो खोटा असेल अशी शंकासुद्धा आली नाही. आमच्याकडे मँगनीज येतं ते रिपोर्टमधल्या टक्क्यांत. मी ते कधी हातात धरलेलं नाही.

कार्यक्रमाला संध्याकाळी शाळेच्या जिममध्ये टेबलं मांडली होती. आई साडी नेसून, केसांना तेल लावून पोस्टरशेजारी उभी राहिली. मुलीची शिक्षिका आली. तरुण, मनानं चांगली. तिनं कार्ड वाचलं आणि कौतुक केलं. मागून काकूही आल्या. ‘‘अगं, हेच का तुझे ते ऑफिसर आजोबा? व्वा!’’ त्या मला म्हणाल्या. मी हसले. नशीब, आई तेव्हा दगडात गुंग होती, तिनं ऐकलं नाही.

तिनं डबी उघडली. दगड तळहातावर घेतला, जरा वर उडवून झेलला. मग अंगठा जोरात घासला आणि अंगठ्याकडे पाहिलं. अंगठा स्वच्छ होता.

‘‘काय वं, हे मँगनीज नाही,’’ ती मोठ्यानं म्हणाली. ‘‘हलकं आहे. हात पण काळा नाही झाला. माझ्या मायनं हे टोपलीत टाकलं नसतं.’’

शिक्षिकेनं उत्सुकतेनं मुलीकडे पाहिलं. मुलीनं भाषांतर केलं, की आजी म्हणते हा खरा नाही. ‘‘खरंच? त्यांना कसं कळलं?’’ शिक्षिकेनं विचारलं, आणि मुलगी माझ्याकडे बघू लागली. काकूही माझ्याकडेच बघत होत्या. आई हातात दगड धरून हसऱ्या चेहऱ्यानं वाट बघत होती, आता आपल्या मायची गोष्ट निघणार म्हणून.

तोंडातून दोन वाक्यं काढायची होती फक्त. मी इंग्रजीत म्हणाले, ‘‘ओह, शी इज जस्ट गेसिंग.’’ आणि वर हसले. शिक्षिका हसली, काकू हसल्या, आणि सगळे हसले म्हणून आईसुद्धा हसली.

परतताना गाडीत मी ड्राइव्ह करत होते आणि त्या दोघी मागे बसल्या होत्या. आईनं मुलीला विचारलं, ‘‘बाईनं काहीतरी विचारलं ना? तुझी माय काय म्हणली?’’

माझी मुलगी आजीशीसुद्धा इंग्रजीतच बोलते. किती रागावलं तरी ऐकत नाही. त्या दिवशी ती मराठीत बोलली, एकेक शब्द शोधत. ‘‘आई म्हणाली, आजीला माहीत नाही. आजी फक्त अंदाज करते.’’ मग पुढे म्हणाली, ‘‘आणि कार्डवर तुझी आई नाहीये. आईनं काढायला सांगितलं.’’

मी आरशात पाहिलं नाही. आई काही बोलेल, रागावेल, निदान रडेल असं वाटत होतं. ती रस्ताभर खिडकीबाहेर बघत राहिली. घरी आल्यावर साडीची घडी घालून तिनं ती बॅगेत अगदी तळाशी ठेवली. मी दारात उभी होते. माफी मागायची होती, पण पुढे होऊन मी फक्त बॅगेची चेन लावून दिली.

शनिवारी आम्ही दुकानात गेलो. कांद्यांच्या ढिगाशी मी थांबले, तिच्यासाठी जागाही करून दिली. मागे कुणी नव्हतं, घाई नव्हती. ‘‘घे ना आई, बघून घे,’’ मी म्हणाले.

तिनं बाजूची बांधलेली पिशवी उचलली, सगळ्यात वरची, आणि न बघता ट्रॉलीत टाकली.

‘‘कोणती पण चालते,’’ ती म्हणाली. ‘‘माझा तं नुसता अंदाजच आहे ना वं.’’