पळसदेवच्या पाण्याखालची शाळा

माझी सून सहाव्या महिन्यात असताना बारामतीच्या डॉक्टरीणबाईंनी तिच्या गर्भपिशवीच्या तोंडाला टाका घातला आणि सांगितलं, आता उठायचं नाही. आदल्या वर्षी तिचं एक मूल याच महिन्यात गेलं होतं. आम्ही पलंगाच्या पायथ्याला दोन-दोन विटा दिल्या आणि ती पडून राहिली. मुलगा लोणी देवकरला कंपनीत जायचा, हे डाळिंबाच्या बागेत. दिवसभर घरात ती आणि मी.

मी मुळात कमी बोलते. लग्नात उखाणा घ्यायला लावला तेव्हा मी उठून माजघरात जाऊन बसले होते. सून पदवी झालेली, कंपनीच्या ऑफिसात कॉम्प्युटरवर काम करणारी. तिच्याशी काय बोलावं ते मला कळायचं नाही. पाण्याचा तांब्या ठेवायचे आणि बाहेर यायचे.

एके दिवशी तिनं विचारलं, "आत्या, किती वाजलं?"

"सव्वादहा."

थोड्या वेळानं पुन्हा तेच. मी म्हटलं, "सव्वादहा वाजून दोन मिनिटं झाली, पोरी."

ती रडायला लागली. मी घाबरले आणि तोंडातून निघून गेलं, "एक शाळा हाय, तितं वेळ मागंपुढं करायला शिकवत्यात."

"कुठं?"

"पळसदेवला. पाण्याखाली."

उजनीचं धरण झालं तेव्हा जुनं पळसदेव पाण्यात गेलं. उन्हाळ्यात पाणी उतरलं की तिथलं देऊळ वर दिसतं. देवळाच्या मागं मी माझी शाळा बसवली. मला शाळा चौथीपर्यंतचीच माहीत, म्हणून तिथंही चारच वर्ग होते. पहिलीत वेळ थांबवायला शिकवायचे, दुसरीत पुढं ढकलायला. तिथल्या बाई सकाळी तरण्या असायच्या, मधल्या सुट्टीत म्हाताऱ्या व्हायच्या आणि शाळा सुटताना परकर नेसलेली पोर होऊन घरी जायच्या. त्यामुळं पाया कधी पडायचं ते पोरींना समजायचं नाही.

"खिचडी मिळती का तितं?" सुनेनं डोळे पुसत विचारलं.

"मिळती की. पर उद्याची."

"मग आजची कुणी खाल्ली?"

"कालच्या पोरींनी."

ती हसली. घरात किती दिवसांनी कुणी हसलं होतं.

त्या दिवसापासून भाकरी झाल्या की मी पलंगाजवळ बसायचे. गोष्टीत दुसरीतली एक पोर होती, फार घाईची. शाळेच्या आवारात डाळिंबाचं झाड होतं आणि त्याला हात लावायचा नाही असा नियम होता. एकदा बाई पाठमोऱ्या झाल्या आणि त्या पोरीनं फळाची वेळ पुढं ओढली. बोट लावलं तसं फळ लालभडक झालं.

"फोडलं का तिनं?" सून खुशीत आली होती.

"फोडलं."

"मग?"

इथं माझी चूक झाली. आम्ही डाळिंबवाले, सालीच्या रंगाला फसत नाही. दिवस भरायच्या आत तोडलेलं फळ आतून कसं असतं ते आमच्या घरात लहान पोरालाही ठाऊक. मी सवयीनं बोलून गेले, "दाणं पांढरं निघालं."

तिचा हात पोटावर गेला. ती भिंतीकडं तोंड करून झोपली आणि दुपारी जेवली नाही.

मी चुलीपाशी बसून राहिले. मला गोष्टी सांगायला कुणी सांगितलं होतं? हिच्या पोटात दुखलं तर पाप माझं. दुसऱ्या दिवशी मी तांब्या ठेवला आणि निघाले.

तिनंच हाक मारली. "आत्या, त्या पोरीला बाईंनी मारलं का?"

मी विचारच केला नव्हता. उंबऱ्यातच उभी राहून म्हटलं, "न्हाय. बाईंनी तिला त्याच झाडाखाली बसवलं. म्हणाल्या, ह्या दुसऱ्या फळापाशी बस. रोज एक दिवस, आख्खा, न ढकलता."

"आख्खा दिवस ती करती तरी काय?"

मग मी आत आले आणि ते सांगायला लागले. आम्ही झाडाचं पाणी तोडतो, त्याला ताण देतो, हवा तेव्हा फुलोरा आणतो. पण फूल धरल्यावर पुढचे पाच-सहा महिने कुणाच्या बापाला कमी करता येत नाहीत. हे मला सगळं माहीत होतं. तिला सांगायचं तेवढं सुचलं नव्हतं.

त्यानंतर गोष्ट हळू चालायला लागली. शाळेच्या भिंतीवरनं ऊन सरकायचं, फळाच्या देठावर मुंगी चढायची, एवढ्यातच सकाळ जायची. कधी मी चुकले तर ती सांगायची, "काल मुंगी काळी होती, आत्या." एकदा मी म्हटलं अकरा वाजले, भाजी टाकायची हाय, तर ती म्हणाली, "एवढ्यात?"

नववा लागल्यावर टाका काढला. चार दिवसांनी बारामतीला मुलगी झाली, खणखणीत आवाजाची. डॉक्टरीणबाई म्हणाल्या, दिवस चांगले निभावले. त्यांचेही उपकार आहेतच.

संध्याकाळी नर्स सुनेला म्हणाली, "एवढे दिवस पडून काढलेस कसे गं?"

"आमच्या आत्या मला रोज शाळंत न्यायच्या."

नर्स माझ्याकडं वळली. "कुठल्या शाळेवर आहात, बाई?"

मी थर्मास उचलला आणि चहा आणायला जिना उतरले. खाली टपरीवाल्यानं दोनदा विचारलं, किती कप, तेव्हा मी नुसता थर्मास पुढं केला. चौथीत शाळा सुटलेल्या मला आजवर कुणी शाळेतली 'बाई' समजलं नव्हतं, आणि माझं बोलणं कुणी इतके दिवस ऐकलंही नव्हतं. पोरी, तू माझी सून, हे तुझ्यासमोर मला बोलता येणार नाही. म्हणून वहीत लिहिलं.