इर्माबाईंचे डबे

इर्माबाई कुणाचंही चित्रीकरण करण्याआधी दिवसभर त्याच्या शेजारी बसून तेच काम करायच्या. अकोल्याच्या जिनात, म्हणजे सरकी काढायच्या कारखान्यात, बायकांबरोबर कापूस निवडून त्या संध्याकाळी आमच्या ओसरीवर येत, तेव्हा केसांत, भुवयांत नुसती रुई. आमची ही म्हणे, "मडमबाई एका दिवसात म्हाताऱ्या झाल्या वं माय!" त्या आमच्याकडे भाड्याने राहत आणि मी त्यांचा दुभाषा. माझं इंग्रजी इतकं पक्कं, की थोड्याच दिवसांत त्यांनीच वऱ्हाडी शिकून घेतली.

जर्मनीत त्यांनी खाणकामगारांवर, गोदीतल्या हमालांवर चित्रपट काढले होते. नव्या सरकारने ते जाळले. बाई कॅमेरा घेऊन निघाल्या, त्या वऱ्हाडात पोचल्या. इथे जिनाच्या मॅनेजरलाही त्या विचारत, "बाप्यापेक्षा बाईले मजुरी कमी. काहून?" तो माझ्याकडे बघे. मी छताकडे.

त्यांच्या खोलीत पत्र्याचे गोल डबे होते. मी एकदा बिस्किटं समजून झाकणाला हात घातला, तर त्या किंचाळल्याच. "भाऊ! फिल्म अजून धुतली नाई. उजेड लागला का आतले समदे पुसले जातात!"

पुढे युद्ध लागल्यावर जर्मन म्हणून त्यांना छावणीत नेलं. मग काहीच कळलं नाही. मला मात्र त्याआधीची एक दुपार अजून सोडत नाही.

जिनात संप झाला होता, फाटकावर दगडफेक झाली होती आणि बाईंनी सगळं टिपलं होतं. फौजदार डबे न्यायला निघाल्याचा निरोप आला, तेव्हा नेमकी गंगू ओसरीवर बसलेली. तिची आई जिनात राबून, खोकून खोकून गेली. मागे साधा फोटोसुद्धा नाही. गंगू दर बाजाराला येऊन म्हणे, "माही माय तुमच्या डब्यात हाये. मले एकडाव दाखवा."

बाईंनी तिला जवळ घेतलं. "याच डब्यायत संपवाल्यायचे चेहरे हायेत. फौजदार एकेकाले धरीन. उघडले तं तुही मायबी जाईन. तू सांग."

गंगू म्हणाली, "माय तं गेली. जित्यायले काहून अडकवता? उघडा."

अंगणात, भर उन्हात बाईंनी रिळं सोडली.

"माय कुठी हाये यात?"

बाईंनी अंदाजाने एक तुकडा तिच्या हातात दिला. "इथं. रुई झटकून राहिली."

मीही डोकावलो. फिल्म कोरी होती. वाऱ्याने तो तुकडा थरथरला.

"मडमबाई," गंगू हळूच म्हणाली, "हलली."