कानावरची खाच

"रक्ताचं नावबी काढायचं न्हाय. दिनू टायफॉइडनं गेला, एवढंच सांगायचं," मामा स्वयंपाकघरात आईला म्हणाला. त्याच्या बोटांना शिऱ्याचे तूप लागले होते. ते चाटत चाटतच तो बोलत होता. मी दाराआड उभी राहून ऐकत होते. बाहेर ओसरीवर इंदापूरचे पाहुणे मला पाहायला येऊन बसले होते, आणि मला आठवत होते ते आमचे मेंढीतात्या.

मेंढीतात्या मोरगावकडचे. कळप विकून ते पणदऱ्याला आमच्या मळ्यात कामाला आले, तरी दहा-बारा मेंढ्या त्यांनी ठेवल्याच. मेंढा विकत घ्यायला गेले की ते मेंढ्याकडे बघतच नसत. "ह्याची आई कुठं हाय?" हा त्यांचा पहिला प्रश्न. विकणारा वैतागून म्हणे, "तात्या, मेंढा घ्यायचाय का सोयरीक जमवायचीय?" त्यावर तात्या म्हणत, "सोयरिकीला एवढं कोन बघतंय?"

एखाद्या मेंढीची कोकरे वाकड्या तोंडाची निपजू लागली, की तिच्या आणि तिच्या पोटच्या मेंढ्यांच्या डाव्या कानाला ते बारीकशी खाच पाडत. पुढे गिऱ्हाईक आले की आधी तो कान दाखवत. "ही पैदाशीला नगं. मटनाला न्या." एकदा माझे चुलते त्यांना हसले. "तात्या, गप बसला असता तर कळलं असतं का कुनाला?"

"कोकराला कळलं असतं की," तात्या म्हणाले.

दिनू माझा धाकटा भाऊ. जरा धडपडला तरी त्याचे गुडघे सुजत. नवव्या वर्षी त्याचा दात पडला आणि हिरडीतले रक्त थांबेना. हळद झाली, तुरटी झाली. पाचव्या दिवशी तो गेला. आईचे दोन भाऊही लहानपणी असेच गेले होते, हे मला घरच्यांनी नव्हे, आईच्या माहेरच्या रानात मेंढ्या चारलेल्या तात्यांनी सांगितले. घरात म्हणत, नजर लागली. सुतक फिटायच्या आतच मामाने आईला बजावले, "बाहेर बोलू नगं, पोरीचं लगीन व्हायचंय." तेव्हापासून त्याच्या गोड आवाजाची मला शिसारी बसली.

पंचावन्न साली पुण्याला बोर्डिंगमध्ये असताना मी धीर करून एका डॉक्टरांना विचारले. त्यांनी कागदावर मुलग्यांसाठी चौकोन आणि मुलींसाठी वर्तुळे काढली. दिनूचा आणि आईच्या त्या दोन भावांचा चौकोन काळा केला. हा दोष आईकडून येतो, म्हणाले. मुलीला स्वतःला सहसा त्रास होत नाही, पण तिच्या मुलग्याला होऊ शकतो.

"माझ्यात आहे का?"

"असेल किंवा नसेल. ते सांगणारी तपासणी अजून निघालेली नाही. पण लग्नाआधी सांगून टाक. माहीत असले तर मुलाला पहिल्या दिवसापासून जपता येते."

तो कागद मी फक्त तात्यांना दाखवला. त्यांना अक्षरओळख नव्हती. काळ्या चौकोनांवरून त्यांनी बोट फिरवले, वर आईच्या वर्तुळापाशी थांबवले. "म्हंजी इंग्रजी बुकातबी मेंढ्या हायत व्हय!" मग हसू आवरून म्हणाले, "पन ताई, मान्साच्या कानाला खाच न्हाय पाडता येत. मान्सानं तोंडानं सांगायचं." मी कागदाची घडी घालू लागले. घरात मोठ्यांपुढे मी कधी तोंड उघडत नसे. तेव्हा त्यांनी काठी आपटली. "आनि तू काय मेंढी न्हाईस. तुला कुनी मटनाला न्या म्हनलं तर ही काठी हाय."

त्याच हिवाळ्यात तात्या गेले. काठी अजून गोठ्यात टांगलेली आहे.

मला ओसरीवर बोलावले. देवक पाहून झाले होते, पत्रिका पाहून झाली होती. मुलाच्या आईने माझी हनुवटी धरून तोंड उजेडाकडे वळवले आणि दात पाहिले. "पोरगी निरोगी हाय. भाऊ कशानं गेला म्हनं?"

"टायफॉइड. देवाची मर्जी," मामाने शिऱ्याची ताटली पुढे केली. आई पदराचे टोक पिळत होती. मुलगा पहिल्यांदाच मान वर करून माझ्याकडे बघत होता.

"टायफॉइड नव्हता," मी म्हणाले. "दिनूचा दात पडला आणि रक्त थांबलं नाही. आईचे दोन भाऊही असेच गेले. माझ्या मुलालाही तसं होऊ शकतं. आता काय विचारायचं ते मला विचारा."