बिघडलेलं छापणारं मासिक

मासिकवाल्या मावशींचं मासिक कुठल्याच दुकानात मिळत नसे. स्वयंपाक आणि बागकाम, एवढेच विषय. मावशी एकट्याच ते काढायच्या. घरात पुढे स्वयंपाकघर, मागे भाज्यांचे वाफे. पाककृती आधी बिघडवायची आणि कशी बिघडली तेही छापायचं, ही त्यांची रीत. दगडासारखा पाव, गोगलगाईंनी फस्त केलेला कोबी, सगळं अंकात. वाचक त्यावरच जीव टाकायचे. वर्गणी म्हणून मावशी वाचकांच्या बागेतलं बी मागायच्या.

माझी लेक अंकांना बियांच्या पुड्या चिकटवायला म्हणून गेली आणि तिथलीच झाली. कॉलेज सुटलं. हिवाळ्यात मावशी गेल्या, तरी अंक येतच राहिला, त्यांच्याच शब्दांत. वाचकांना लेकीने कळवलंच नव्हतं. वाचताना माझ्या अंगावर काटा यायचा. गेलेली बाई माझ्या पोरीच्या हाताने लिहीत होती.

शेवटी रिकामी बॅग घेऊन तिला आणायला गेले. मावशींचा एप्रन बांधून ती शेगडीपाशी उभी होती.

"चपला बाहेर काढ गं बाई, माती आणू नकोस आत."

आवाज तिचा, ठसका मावशींचा.

"अगं, आई आहे मी तुझी!"

"म्हणून काय तुझ्या चपलांना माती लागत नाही?"

तेवढ्यात दारात एक म्हातारे वाचक आले. हातात पुडी. "मावशी आहेत?"

लेकीने माझ्याकडे पाहिलं. नजरेत नुसती विनवणी. खरं बोलले तर मासिक बंद, आणि पोर घरी. मी बोलून टाकलं, "मावशी गेल्या हो."

"ठाऊक आहे," ते शांतपणे म्हणाले. "गेल्या दोन अंकांत काहीच बिघडलं नाही. मावशींच्या हातून असं व्हायचंच नाही. आम्ही सगळ्यांनी तेव्हाच ओळखलं."

भीतीपोटी माझी पोर सगळं नीटच लिहीत गेली होती.

"मग विचारता कशाला?" मी म्हटलं.

त्यांनी माझ्याकडे वळूनही पाहिलं नाही. पुडी लेकीपुढे धरली. "मावशी, घेवड्याचं बी आहे. यंदा कीड पडली होती. तेही छापा."

माझी पोर विशीतली. तिने एप्रनला हात पुसले. मग तिने पुडी घेतली.

"कुठली कीड? पानं गुंडाळणारी का?"

त्यांना खुर्ची देऊन तिने माझ्या हातातली बॅग काढून घेतली आणि भिंतीशी ठेवली, पाहुण्यांची ठेवावी तशी.

"उभी का, आई? बस ना."