विमानाला आवाज हवा होता

औरंगपुऱ्यात माझं लग्नाच्या व्हिडिओ एडिटिंगचं दुकान आहे. पंचवीस वर्षं लोकांच्या वराती कापून-जोडून डोळ्यांची पार वाट लागली. त्यात मला अवदसा आठवली. ओळखीच्या एका रिटायर्ड वैमानिकानं लहान विमानातून एकट्यानं उडताना केलेलं शूटिंग दिलं, आणि मी म्हणालो, उडणाऱ्याच्या एकटेपणावर एक प्रायोगिक फिल्म करू. घरचं झालं थोडं, व्याह्यानं धाडलं घोडं. सहा महिने घरी नुसता झोपायला जात होतो.

चित्र होतं, आवाज नव्हता. नुसते ढग माणूस किती वेळ बघणार? वैमानिक म्हणाले, "वर एकटं असलं की हात काय करतोय ते मोठ्यानं बोलायचं. आता वळलो, आता उंची कमी केली. नाहीतर चुकतं माणूस." मला नेमकं तेच पाहिजे होतं. पण माइक बघितला की त्यांची दातखीळ बसायची.

निदान इंजिनासारखी घरघर तरी मिळावी म्हणून एके सकाळी मी रेकॉर्डर चालू करून आमच्या फ्रिजवर ठेवला आणि बायकोला न सांगताच दुकानात गेलो. दुसऱ्या दिवशी हेडफोन लावून ऐकलं. घरघर छान आली होती. तिच्यावर बायकोचा आवाज होता.

"अहो, कुकर उतरवला बरं का. आता पोळ्या टाकते. अहो, वरण लई पातळ झालं बघा."

घरात दुसरं कुणीच नव्हतं. मुलगी सासरी, मी दुकानात. मला फार वाईट वाटलं. पण खोटं कशाला बोलू, त्याच्याही आधी वाटलं, चला, आवाज मिळाला.

तो मी ढगांखाली लावला. फिल्म पुरी झाल्यावर एका दुपारी तिला दुकानात बोलावून दाखवली. पहिल्या 'अहो'लाच ती सावरून बसली. मग शेवटपर्यंत पदराशी चाळा करत बघत राहिली. वैमानिकांना लई आवडली, असं मी उगाच सांगितलं.

"कवा ऐकलं हे तुम्ही?"

"दोन महिने झाले."

"रोज ऐकत होता?"

"रोज. एडिटिंगला ऐकावंच लागतं."

ती पिशवी घेऊन उठली.

"मग घरी आल्यावर एखाद्या दिवशी नुसतं हूं म्हणायचं होतं."