कोणाची चूक लिहू, साहेब?

रेकॉर्ड रूममध्ये फायलींचे गठ्ठे वाढतात, ते सगळ्यांना दिसतात. किस्सेही तितकेच वाढतात, ते फक्त आम्हाला दिसतात. फाइल काही वर्षांनी रद्दीत काढता येते, किस्सा डोक्यातून काढता येत नाही. माझ्या डोक्यात आता जागा उरलेली नाही, म्हणून ऐका!

मी वाशीमच्या एका खासगी हॉस्पिटलात कोडिंग करते. औषधामुळे पेशंटला काही झालं की त्या प्रकाराला कोड द्यायचा. खाने तीन. चुकीचं किंवा जास्त औषध पोटात गेलं, तर विषबाधा. औषध बरोबर, डोस बरोबर आणि तरी त्रास झाला, तर दुष्परिणाम. सांगितलं त्यापेक्षा कमी घेतलं, तर कमी डोस. आमचे मोठे साहेब म्हणजे डॉक्टर आणि हॉस्पिटलचे मालक. त्यांच्याकडे मात्र एकच खाना: पेशंटची चूक!

*

माझ्या आधी इथे एक ऑपरेटर होता. मी जुने रेकॉर्ड उघडून पाहिले, तर विषबाधेचा प्रत्येक पेशंट पेनिसिलीनचा! बीपीच्या गोळ्या चुकून दोनदा खाल्लेला म्हातारा, पेनिसिलीन. खोकल्याचं औषध बाटलीभर प्यायलेलं पोर, पेनिसिलीन. वॉर्ड सांभाळणाऱ्या शोभा सिस्टर म्हणाल्या, "बाप्पा! जिल्ह्याले पेनिसिलीनची एवढी हौस कवापासून लागली?"

मी त्या ऑपरेटरला फोन लावला. तो अगदी शांतपणे म्हणाला, "मॅडम, कॉम्प्युटरच्या यादीत पहिलं तेच येते न! खाली कोन सरकवत बसते?"

साहेबांना सांगितलं, तर म्हणे, "जुनं कायले उकरून राह्यल्या?" अहो, तो म्हातारा पुन्हा आला तर पुढचा डॉक्टर तेच वाचणार ना! पण ऐकतो कोण. ते सगळे रेकॉर्ड मी एकटीने दुरुस्त केले.

*

मालेगावकडचं भाजी पिकवणारं एक म्हातारं जोडपं. चक्कर आली म्हणून दोघंही एकाच दिवशी भरती. आजोबांना बीपीची रोज एक गोळी होती. गोळी रोज संपत होती आणि बीपी वाढतच होता. मी आजींना विचारलं, तर त्या म्हणाल्या, "आर्धी मी खातो न! मलेबी गरगरते. एकटा नवराच बरा झाला त कसं जमन?"

आता एका गोळीचे दोन कोड झाले! आजोबांना कमी डोस. आणि आजींना विषबाधा, कारण ती गोळी त्यांना कोणी लिहूनच दिली नव्हती. मी दोघांना हे समजावून सांगितलं. आजोबा पलंगावरून उठूनच बसले.

"म्हनजे पोरी, म्या इले जहर देल्लं काय?"

शोभा सिस्टर हसल्या, मीही हसले. मग फाइल उघडली. त्यावर साहेबांनी लिहिलं होतं, "असहकारी पेशंट." आजी दर महिन्याला आजोबांच्या सोबत येत होत्या. त्यांच्या दंडाला बीपीचा पट्टा एकदाही कोणी लावला नव्हता! माझं डोकं तेव्हा फिरलं, ते अजून जागेवर आलेलं नाही.

*

कामरगावचा एक शुगरचा पेशंट उपासाच्या दिवशी गोळी घ्यायचा नाही. साखर वाढून आला. साहेबांनी अख्ख्या ओपीडीसमोर त्याला झापलं, "उपासाले गोळी चुकवनारे मरतात! पाटीवर लिहून लावा हे!"

तो मान खाली घालून म्हणाला, "उपासाले गोळी चालते का, हे म्या पयल्याच दिवशी इचारलं होतं साहेब. तुमी फोनवर होते."

मी कोड टाकला, कमी डोस. पुढे कारणाची यादी आली. 'डॉक्टर फोनवर होते' असं कारण त्यात नव्हतं. असायला पाहिजे!

*

वच्छलाबाई रिठदच्या. सांध्यांच्या आजाराने बोटं आखडलेली, मेथीच्या जुड्या बांधणं बंद. साहेबांनी एक गोळी सुरू केली. ती आठवड्यातून एकदाच घ्यायची असते. चिठ्ठीवर साहेबांनी लिहिलं, रोज एक!

तीन आठवड्यांत बाईंच्या तोंडात फोड, अंगात ताप, रक्तातल्या पेशी घसरलेल्या. भरती करताना ती चिठ्ठी शोभा सिस्टरनी पाहिली, मीही पाहिली. दुसऱ्या दिवशी ती फायलीत नव्हती. सिस्टर हळूच म्हणाल्या, "आनखी चार-सहा गोळ्या गेल्या असत्या, त बाई हाती लागली नसती."

साहेब म्हणाले, "दुष्परिणाम टाका."

"साहेब, डोस चुकलाय. ही विषबाधा आहे."

"चिठ्ठी हाय का? नाही न? मग डोस मी म्हनतो तो. डॉक्टर तुमी का मी?"

दुष्परिणाम टाकला की फायलीवर लाल शिक्का बसतो, हे औषध पुन्हा देऊ नये. बरोबर डोसात हीच गोळी त्यांना पुढे चालली असती. म्हणजे चूक साहेबांची आणि बोटं आखडणार वच्छलाबाईंची! मी कोड टाकलाच नाही. तीन दिवस फाइल ड्रॉवरमध्ये कुलपात ठेवली.

चौथ्या दिवशी बाईंना जरा बरं वाटत होतं. साहेबांनी राउंडला मला फायलीसकट बोलावलं. सगळ्या वॉर्डसमोर मोठ्याने बाईंना विचारलं, "बाई, गोळी मी सांगतली तशीच घेतली न? तरी त्रास झाला. म्हनजे तुमच्या अंगाले ते औषध मानवत नाही. बंद करू ते. मॅडम, लिहून घ्या!"

वच्छलाबाई उठून बसल्या. पदर सावरला, हात जोडले.

"खोटं कायले बोलू साहेब? तुमी रोज घ्या म्हनलं होतं. म्या सोमवारी, गुरुवारी आन् एकादशीले नाही घेतली. उपास असते मले. लिहा, माह्यीच चूक हाय. पन गोळी बंद नोका करू. आता जुडी बांधता येते मले."