ओल्या फडक्याखालचं डोकं

आमच्या घरात शिल्पकारांवरच्या पुस्तकांचं एक मोठं कपाट होतं आणि त्या कपाटाला सगळ्यांत जास्त शिव्या आत्याने घातल्या. पुस्तकं अशी जाडजूड की एकेक उचलायला दोन हात लागायचे, आणि धूळ पुसायची वेळ आली की घरात दुसरं कुणी सापडायचं नाही. पुसता पुसता ती एखादं उघडून बसायची. वाचायची कमी, चित्रंच बघायची, आणि बाबांना ऐकवायची, "एवढी पानं लिहिलीत, पण यांच्या घरी माती कोण भिजवत होतं ते कुठंच दिलेलं नाही, बारक्या."

बारक्या म्हणजे माझे बाबा. बाहेर त्यांना लोक 'सर' म्हणायचे. त्यांची कामं मोठमोठ्या संग्रहालयांत ठेवलेली होती, आणि घरात मात्र ते बारक्याच राहिले. आत्या त्यांची थोरली बहीण. माझी आई गेली तेव्हा ती थोडे दिवस म्हणून आमच्याकडे आली आणि कायमची राहिली. स्वयंपाक, माझा अभ्यास, बाबांचा राग आणि बाबांची माती, सगळं तिने अंगावर घेतलं. मातीतले खडे वेचायचे, ती मळायची आणि संध्याकाळी अर्धवट कामावर ओली फडकी गुंडाळायची, हे तिचंच काम होतं. माती सुकली की तडकते, म्हणून. बाबा तिला 'ओलीची मालकीण' म्हणायचे. तिला ते आवडायचं, पण कबूल कोण करतो?

बाबांनी जन्मभर परक्यांचे चेहरे घडवले. पहारेकरी, भंगारवाला, माझ्या शाळेतल्या बाई. बहिणीचा चेहरा कधी केला नाही. मग एकदा काय मनात आलं कोण जाणे, म्हणाले, "ताई, समोर बस."

"भाजी निवडायचीय."

"मग निवडत बस."

ती बसली. काम अर्ध्यावर आलं आणि बाबा गेले. सकाळी छातीत दुखलं आणि दुपारी सगळं आटोपलं. मागे स्टँडवर आत्याचं मातीचं डोकं राहिलं.

त्याचं करायचं काय, हा प्रश्न मी विचारला, कारण घरात व्यवहाराचं बोलणारी मी एकटीच. साचा काढायचा तर आतली मूळ माती उकरून फेकावी लागते. आत्या नको म्हणाली. तसंच सुकू द्यावं तर आतल्या लोखंडी सांगाड्यावर माती आवळते आणि तिच्या चिरफाळ्या होतात. तेही नको. राहिलं एकच. सकाळ-संध्याकाळ फडकी भिजवायची, वर प्लॅस्टिक ओढायचं. हे तिने नऊ वर्षं केलं. घरभर ओल आली, पुस्तकांना बुरशी धरली, माझं डोकं फिरलं.

"आत्या, आजारी माणसाचंसुद्धा कुणी इतकं करत नाही."

"आजारी माणूस कुरकुर करतो. हे गप बसतं."

फडक्याखाली मात्र तिने कुणाला बघू दिलं नाही. झाकली मूठ सव्वा लाखाची, असं मी तिला चिडवायचे. ती हसायची नाही.

मग लेखिकाबाई आल्या. आजच्या शिल्पकारांवर त्यांनी बरीच पुस्तकं लिहिली होती, त्यांतलं एक आमच्या कपाटातही होतं. आता त्या बाबांवर लिहीत होत्या. अशा पुस्तकांची बाबा चेष्टा करायचे, पण आपल्यावर कुणी लिहीत नाही ही सल त्यांना होती, हे मला ठाऊक होतं. त्यामुळे मला आनंद झाला. शेवटचं प्रकरण या न पाहिलेल्या डोक्यावर असणार होतं. ते नसेल तर पुस्तकाला शेवट नाही, असं बाई स्पष्ट म्हणाल्या. आत्या हो म्हणाली नाही आणि नाहीही म्हणाली नाही. एरवी दोन्ही तोंडावर सांगणारी बाई ती. तिथेच मला शंका यायला हवी होती.

फोटोग्राफरने दिवे लावले. आत्याने स्वतः प्लॅस्टिक काढलं, मग एकेक फडकं. तापलेल्या लेकराच्या कपाळावरची पट्टी काढावी तसं.

चेहरा तिचाच होता, हुबेहूब. आणि घोटाळा तिथेच होता. डावा गाल आत गेलेला होता. त्या बाजूच्या दाढा तिने मागच्याच वर्षी काढल्या होत्या. बाबांना जाऊन नऊ वर्षं झाली होती. मी शाळेत गणित शिकवते. वजाबाकी मला करता येते.

लेखिकाबाईंना दाढांचं काय ठाऊक? त्या डोक्याभोवती हळूहळू फिरल्या आणि त्यांचे डोळे भरून आले. "बहिणीचं म्हातारपण त्यांना आधीच दिसलं होतं," त्या म्हणाल्या.

"त्याला काही दिसलं नव्हतं," आत्या म्हणाली. "हे मी केलंय."

मग तिने सगळं सांगितलं. फडकं नाकाला लागू नये म्हणून बाबांनी मातीत बारीक काड्या खोचून ठेवल्या होत्या. बाबा गेल्यावर त्या काड्या तिला बघवेनात. आपल्या तोंडात कुणी सुया खुपसल्यात असं वाटायचं. म्हणून तिने त्या उपटून टाकल्या. मग ओल्या फडक्याच्या भाराने नाक घसरलं. तिने आरसा समोर धरला आणि ते परत बसवलं. पुढे ओठ गेला, मग गाल. दरवेळी आरशात जसं दिसेल तसं ती नीट करत गेली. ती म्हातारी होत गेली आणि माती तिच्या मागोमाग.

"म्हणजे यात त्यांचं काहीच उरलं नाही?" लेखिकाबाई खाली बसल्याच.

मला संताप आला. बाबांचं पुस्तक हातातोंडाशी आलं होतं. "आत्या, गप्प बसली असतीस तर काय बिघडलं असतं?"

"त्याने उभ्या जन्मात दुसऱ्याचं काम आपलं म्हटलं नाही," ती म्हणाली. "मेल्यावर म्हणायला लावू?"

फोटोग्राफर दिवे विझवायला निघाला. तेवढ्यात आत्या म्हणाली, "कान त्याचा आहे. उजवा. त्याला मी हात लावलेला नाही."

आम्ही वाकून बघितलं. साधा कान. पाळीवर अंगठा दाबल्याची खूण, रेघ न् रेघ दिसत होती.

आत्याने आपल्या उजव्या कानावरचे केस मागे सारले. ते केस ती कायम कानावर ओढून घ्यायची. खालची पाळी फाटून तिचे दोन भाग झाले होते. मी लहानपणी विचारलं तेव्हा कपाटाच्या कडीत कानातलं अडकलं होतं असं तिने सांगितलं होतं.

"कपाट कसलं. हा बारक्या माझ्या कडेवर होता. वर्षाचाही नसेल. कानातलं धरलं आणि ओढलं. आईला खरं सांगितलं असतं तर तिने त्याला पुन्हा माझ्याकडे दिलं नसतं. म्हणून कपाटाचं नाव घेतलं, ते आजपर्यंत."

"बाबांना सांगितलंस कधी?"

"कशाला सांगू? लेकरू होतं ते." तिने मातीच्या कानाकडे बोट केलं. "सगळं आरशाबरहुकूम केलं मी. हा कान काही जुळेना. आरशात फाटका, इथे धड. पुष्कळ दिवस मला वाटलं, चुकला असेल. मग तो अंगठा बघितला. त्याने आधी पाळी माझ्यासारखी फाटकीच केली होती बघ, सांधा दिसतोय. मग दाबून जोडली."

कुणी तिला कधी रडताना पाहिलं नव्हतं. त्या दिवशीही ती रडली नाही, मी रडले. कान आपणच फाडला हे बाबांना कुणी सांगितलं, की त्यांनी नुसतं ओळखलं, हे आता कळायचं नाही.

फोटो घेतला तो फक्त त्या कानाचा. पुस्तक आलं तेव्हा शेवटच्या पानावर तो एकटाच होता, पानभर. आत्याने हात पुसून पुस्तक मांडीवर घेतलं आणि नवंकोरं असूनही सवयीने त्यावरची धूळ झटकली. खाली छापलं होतं : बहिणीचा कान. माती. अपूर्ण.

"अपूर्ण कशाला लिहिलंय?" ती म्हणाली. "पुरा केलाय त्याने."

आणि पुस्तक माझ्या हातात देऊन ती फडकी भिजवायला आत गेली.